घुबडाच्या पिल्लाला दूध-पोळी भरवू नका

"घुबडाचं पिल्लू सापडलं म्हणजे लक्ष्मी घरी आली. दूध-पोळी कुस्करून द्या, ड्रॉपरने पाणी पाजा, थोडं मोठं झालं की बोनलेस चिकन. माणसाचा हात लागला की आई पिल्लाला टाकते, म्हणून परत ठेवू नका." हा मेसेज गेले काही महिने फिरतोय. आता तो आत्याने पाठवला, खाली "किती सोपं आहे बघ" असं लिहून. पिल्लू मारायला सोपं आहेच.

आधी पाण्याचं बोलतो, कारण त्याने जीव सगळ्यात लवकर जातो. पिल्लाने चोच उघडली की जिभेच्या बुडाशी एक बारीक चीर उघड-मीट करताना दिसते. ते श्वासनळीचं तोंड. जिभेवर सोडलेला थेंब थेट त्यात उतरतो. नाकपुड्यांतून बुडबुडे येतात, श्वास घरघरतो, मग न्यूमोनिया. घरट्यातल्या पिल्लाला कोणी पाणी पाजत नाही. भक्ष्याच्या मांसात असलेल्या पाण्यावरच त्याचं भागतं.

दुधातली साखर पक्ष्यांना पचत नाही. जुलाब होतात आणि आधीच सुकलेलं पिल्लू आणखी सुकतं. पोळी, भात, ब्रेड? घुबड धान्य खात नाही, विषय संपला.

बोनलेस चिकनचा मुद्दा मात्र अर्धा खरा आहे, आणि म्हणूनच जास्त घातक. गव्हाणी घुबडाची मादी सुरुवातीला उंदीर फाडून त्याचे बारीक तुकडे भरवते. साधारण तीन आठवड्यांचं झालं की पिल्लू अख्खा उंदीर गिळायला लागतं, हाडं-केसांसकट. हाडांतून कॅल्शियम मिळतं आणि न पचलेले केस-हाडं गोळी होऊन तोंडावाटे बाहेर पडतात. नुसत्या मांसात फॉस्फरस भरपूर, कॅल्शियम नावाला. त्यावर वाढवलेल्या पिल्लाचे पाय फाकतात, हाडं वाकतात, नुसतं उचलतानाही मोडतात. पिंगळा या छोट्या घुबडाच्या पिल्लाला तर आई-बाप मुख्यतः नाकतोडे, भुंगेरे, पतंग आणतात, जोडीला पाल किंवा उंदराचं पिल्लू.

मदत पोचायला रात्र जाणार असेल तर एक वेळ कच्चं चिकन चालेल, एवढं मान्य. बिनमिठाचे, हरभऱ्याएवढे चार-पाच तुकडे, पाण्यात बुडवून. पण आधी ऊब. पिल्लाचे पाय गार लागत असतील तर घास द्यायचा नाही, गार अंगात अन्न पचत नाही. खोक्यात एका बाजूला कापडात गुंडाळलेली कोमट पाण्याची बाटली ठेवा. अंग उबदार झालं की चिमट्याने तुकडा चोचीच्या कडेच्या राठ केसांना टेकवा. घुबडाला अगदी जवळचं नीट दिसत नाही; या केसांना स्पर्श झाला की ते घास पकडतं. नाही पकडला तर चोच उचकटू नका. चोच कटकट वाजवणं ही भीती असते, भूक नव्हे. आणि घुबडाला कबुतरासारखी अन्न साठवायची गळ्यातली पिशवी नसते, तेव्हा कोंबू नका.

काही जण हुशारीने घरच्या पिंजऱ्यात सापडलेला उंदीर देतात. सोसायटीत ब्रोमॅडिओलोन या उंदीर मारायच्या विषाच्या वड्या ठेवलेल्या असतात. जिवंत दिसणाऱ्या उंदराच्या अंगातही ते विष असतं आणि खाणाऱ्याला बाधतं.

"हात लागला की आई टाकते" हे साफ खोटं. ब्रिटनमधला बार्न आउल ट्रस्ट १९८० च्या दशकापासून गव्हाणी घुबडावरच (इंग्रजीत बार्न आउल) काम करतो. त्यांचं सांगणं नेमकं उलटं: खाली पडलेल्या गव्हाणीच्या पिल्लाकडे आई-बाप बहुधा दुर्लक्ष करतात, त्याला घरट्यात परत ठेवलं तरच ते भरवतात. म्हणजे जखम नसेल तर सज्जावर, डक्टमध्ये, जिथून पडलं तिथेच त्याला परत ठेवणं हा सगळ्यात चांगला उपाय. पंख फुटलेलं पिंगळ्याचं पिल्लू फांदीवर बसलेलं दिसलं तर त्याला हातही लावू नका, ते उडायला शिकतंय.

लक्ष्मीबद्दल एवढंच: १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली घुबड घरात पाळणं गुन्हा आहे. घरटं सापडत नसेल किंवा पिल्लू जखमी असेल तर भोकं पाडलेल्या खोक्यात, अंधारात, माणसं आणि मांजरांपासून लांब ठेवा आणि महाराष्ट्र वनविभागाच्या १९२६ या हेल्पलाइनला फोन करा. फोटो काढायला मुलांना गोळा करू नका.