खंदक, दाणे आणि सीझरचे आकडे : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

अलेसियाच्या वेढ्यावरच्या (रोमन सेनापती सीझरने आजच्या फ्रान्समधल्या गॉल लोकांची फौज डोंगरावरच्या या गावात कोंडली, तो इ.स.पू. ५२ चा वेढा) लेखाला तुम्ही चांगली लांबलचक आणि झणझणीत प्रतिक्रिया दिलीत. दोन ओळींत तिचं उत्तर होणार नाही, म्हणून ही वेगळी नोंद. इतरांसाठी तुमचे आक्षेप थोडक्यात सांगतो. पहिला, पंचवीस रोमन मैलांची दुहेरी तटबंदी काही आठवड्यांत उभी राहणं अशक्य. सीझर आपल्या युद्धवृत्तांतात थापा मारतो आणि मी त्या जशाच्या तशा उतरवल्या. दुसरा, लेखभर खंदक आणि धान्य, आणि वेढ्याचं खरं हत्यार असलेल्या यंत्रांना जेमतेम एक परिच्छेद. तिसरा, गावाबाहेर हाकललेल्या बायकापोरांना मी एका वाक्यात गुंडाळलं.

तिसरा आक्षेप बिनशर्त मान्य. त्याकडे शेवटी येतो.

आधी माती. सीझर आतल्या, म्हणजे गावाकडे तोंड असलेल्या, रांगेचा घेर ११ रोमन मैल देतो, म्हणजे साधारण १६.३ किलोमीटर. त्यात १५ फूट रुंदीचे दोन खंदक. रोमन फूट आपल्या फुटापेक्षा किंचित लहान, त्यामुळे रुंदी भरते ४.४ मीटर. रोमन खंदक बहुधा तळाशी निमुळता असायचा. खोली अडीच मीटर धरली तर दोन्ही खंदकांची मिळून माती निघते सुमारे १ लाख ८० हजार घनमीटर. आपल्याकडे माती ब्रासने मोजतात, तर हे झाले ६४ हजार ब्रास. सराव असलेला माणूस दिवसाला पाऊण ब्रास काढतो असं धरा. वीस हजार माणसं लावली तर चार-साडेचार दिवसांचं काम. खोलीही १५ फूट घेतली तर माती पावणेदोनपट होते, आणि खरी अडचण तिथून सुरू होते. डोक्याच्या वर माती फेकता येत नाही. मध्ये एक टप्पा ठेवून दुसऱ्या माणसाने ती पाटीने वर द्यावी लागते, म्हणजे मजूर दुप्पट. तरीही हिशोब पंधरवड्याच्या आतबाहेरच राहतो. पन्नास हजारांच्या आसपासच्या फौजेला हे अशक्य नाही. दमवणारं आहे, एवढंच.

तुम्ही बोट चुकीच्या जागी ठेवलंत. संशय घ्यायचाच तर मातीवर नको, लाकडावर घ्या. दर ८० फुटांवर बुरूज, असं सीझर लिहितो. आतल्या रांगेवर हे सुमारे ६९० होतात, आणि बाहेरून येणाऱ्या कुमकेला अडवणारी १४ मैलांची रांगही तशीच धरली तर आणखी पावणेनऊशे. एका बुरुजाला किमान चार खांब म्हटले तरी सहा हजारांवर सरळसोट ओंडके झाले. शिवाय १२ फूट उंच बांधावरचा मेढेकोट, त्याची कंगोऱ्यांची फळी आणि बांधाच्या कडेला बाहेर रोखलेले सांबरशिंगासारखे फाटे. ही तोड जवळच्या रानात भागत नाही. सीझर स्वतःच सांगतो की लाकूड आणि धान्य आणायला माणसं लांब जात, छावणीत हात कमी पडत, आणि नेमकं तेव्हा गॉल लोक एकाच वेळी अनेक दरवाजांतून तुटून पडत.

जमिनीने काय साक्ष दिली? तिसऱ्या नेपोलियनने १८६१ ते १८६५ दरम्यान बर्गंडीतल्या आलीझ-सँत-रेनभोवती उत्खनन करवलं, आणि १९९० च्या दशकात फ्रेंच-जर्मन पथकाने पुन्हा. दोन्ही रांगा सापडल्या, खंदक सापडले, सापळ्यांचे खड्डेही सापडले. पण सगळीकडे सारखं काही नाही. सपाटीवर एक मांडणी, उतारावर दुसरी. बुरुजांमधलं अंतरही पुस्तकाबरहुकूम नाही. म्हणजे सीझरने सर्वात भक्कम तुकड्याचं वर्णन केलं आणि ते सगळ्या घेराला लागू असल्यासारखं लिहिलं. मी तेच वर्णन पूर्ण वर्तुळावर पसरवलं, ही चूक माझी.

शत्रूच्या आकड्यांबाबत मी तुमच्याही पुढे जातो. आत ८० हजार गॉल आणि वर गावातले मूळ रहिवासी, मांडुबी जमातीचे लोक. डोंगरावरचं पठार जेमतेम १०० हेक्टरांचं. हेक्टरी आठशे माणसं! काही फौज तटाखालच्या पूर्व उतारावर होती, तरी पाणी आणि शौचाची सोय डोळ्यांपुढे आणून बघा. बाहेरून आलेल्या कुमकेचे अडीच लाख तर मी बाजूलाच ठेवतो.

सापळे मात्र तुम्ही म्हणता तशी कलाकुसर नव्हती. दोन्ही रांगा मिळून ३७ किलोमीटर. पन्नास हजारांतले एक तृतीयांश एका वेळी पहाऱ्यावर धरले तर दर सव्वादोन मीटरला एक माणूस, आणि त्यात वैरणीला गेलेले, आजारी, जखमी वजा केलेले नाहीत. सापळ्यांनी ही उणीव भरली. एक खड्डा जवळून पाहू. तो तीन फूट खोल, खाली उतरता निमुळता. त्यात मांडीएवढा जाड खुंट, टोक तासून विस्तवावर कडक केलेलं. तळाशी फूटभर माती टाकून ती पायाने तुडवायची. ही पायरी टाळली तर वजन पडताच खुंट कलतो आणि पाय नुसता बाजूला घसरतो. वर चार बोटंच टोक दिसेल इतकं ठेवायचं आणि काटक्या-झुडपांनी झाकायचं. अशा आठ रांगा, एकमेकींपासून तीन-तीन फुटांवर आणि तिरप्या, म्हणजे सरळ धावणारा दुसऱ्या नाहीतर तिसऱ्या रांगेत अडकतोच. सैनिक त्यांना लिली म्हणायचे, आकारावरून. छावणीतला विनोद असाच असतो.

यात दोष दोन. तोडलेली झुडपं सुकतात, आणि दिवसाउजेडी खड्डे ओळखू येऊ लागतात. दुसरं म्हणजे शत्रूकडे वेळ असेल तर तो ते बुजवतो. शेवटच्या दिवशी वायव्येकडच्या छावणीवर गॉल लोकांनी हेच केलं : मातीच्या पाट्या ओतून सापळे गाडले आणि त्यावरून चढाई केली. आधीच्या रात्रीच्या हल्ल्यात मात्र अंधारात तेच सापळे त्यांना महागात पडले होते.

आता यंत्रं. तुम्ही टायरचं, अलेक्झांडरने वेढलेल्या बेटावरच्या शहराचं, उदाहरण दिलंत, आणि ते तुमच्या बाजूचं आहे खरं. इ.स.पू. ३३२ मध्ये तिथला तट शेवटी फोडला तो जहाजांवर चढवलेल्या यंत्रांनीच. पण सात महिन्यांपैकी बरेच गेले समुद्रात भराव टाकण्यात, आणि भरावाच्या टोकावरचे लाकडी मनोरे टायरवाल्यांनी एकदा पेटतं जहाज घालून जाळले. शिवाय हातात आरमार आल्यावरच अलेक्झांडरला कमकुवत भिंत शोधत बेटाभोवती फिरता आलं.

दगडफेक्या यंत्राचं मर्म स्नायूंच्या किंवा केसांच्या दोरखंडाच्या पिळात असतं. ग्रीकांचं त्यासाठी चक्क सूत्र होतं : दगडाचं वजन मिनांमध्ये (मिना हे ग्रीक वजन) घ्या, शंभराने गुणा, घनमूळ काढा, त्यात दशांश मिळवा, उत्तर म्हणजे दोरखंडाच्या भोकाचा व्यास, बोटांमध्ये. ६० मिनांच्या, म्हणजे साधारण २६ किलोंच्या दगडाला २० बोटं, जवळजवळ ३८ सेंटिमीटर. एवढ्या जाडीचा स्नायूंचा पीळ दमट हवेत सैल पडतो, आणि मग दगड अलीकडेच पडतो. अलेसियात यंत्रं होती, पण ती सीझरच्याच बांधावर, हल्ला थोपवायला. उंचावरच्या गावाचा तट फोडायला त्याने ती लावलीच नाहीत.

यंत्रं हरली की काय होतं, ते प्लाटिया या ग्रीक गावाच्या वेढ्यात दिसतं. स्पार्टावाल्यांनी आधी मातीचा दमदमा रचला, मग तटाला धडका द्यायला ओंडके आणले. आतल्यांनी त्यांच्यावर साखळ्यांनी टांगलेल्या जड तुळया सोडल्या. ओंडक्याचं नाक तुटायचं. दमदम्याखालून भुयार काढून ते मातीही चोरत राहिले. मग आग लावून पाहिली. काहीच चालेना, तेव्हा इ.स.पू. ४२९ मध्ये गावाभोवती दुहेरी भिंत घालून स्पार्टावाले उपासमारीची वाट बघत बसले. आतली शिबंदी मोजून ठेवलेली : ४०० प्लाटियन, ८० अथेनियन आणि भाकरी भाजायला ११० बायका. बाकी सगळे आधीच अथेन्सला पोचवलेले. खाणारी तोंडं एवढीच, म्हणून ते इ.स.पू. ४२७ च्या उन्हाळ्यापर्यंत टिकले.

मधल्या हिवाळ्यात २१२ जण वादळी, अंधाऱ्या रात्री निसटले. शिड्यांची उंची त्यांनी ठरवली ती वेढ्याच्या भिंतीवरच्या विटांचे थर मोजून, जिथे गिलावा नव्हता तिथे. अनेकांनी वेगवेगळं आणि पुन्हापुन्हा मोजलं. काही चुकतील, पण बहुतेकांचा आकडा जुळेल, हा हिशोब. शिडी आखूड पडली तर माणूस मेला, लांब झाली तर वर डोकावून पहारेकऱ्याला दिसते. पाय घसरू नये म्हणून त्यांनी फक्त डाव्या पायात जोडा घातला होता. पावसात पहारेकरी बुरुजांत आडोशाला बसतात हेही त्यांनी हेरून ठेवलं होतं.

दाण्यांवर मी इतकं का लिहिलं ते आता पटेल. ग्रीक इतिहासकार पॉलिबियस रोमन पायदळाचा महिन्याचा गहू देतो तो रोजचा पाऊण ते एक किलोच्या घरात येतो. पन्नास हजारांना दिवसाला ४०-४५ टन. सीझरने तीस दिवसांचं दाणावैरण साठवायला सांगितलं, म्हणजे नुसता गहू तेराशे टन, आणि तो दळायचा माणसांनी, हातजात्यावर, दिवसभर माती उपसून झाल्यावर. आतल्या गॉल फौजेचा सेनापती व्हर्सिंजेटोरिक्स याचा साठाही जेमतेम तीस दिवसांचाच होता, काटकसर केली तर थोडा जास्त. वेढा पुरा होण्याआधीच त्याने घोडदळ रात्रीतून बाहेर काढलं, कुमक आणायला. घोड्यांची वैरणही त्यामुळे वाचली.

आणि मांडुबी. गाव त्यांचंच. साठा संपत आल्यावर त्यांना बायकापोरांसह बाहेर काढलं. ते रोमन बांधापर्यंत आले, आम्हाला गुलाम करा पण खायला द्या, असं रडून विनवलं. सीझरने बांधावर पहारे बसवले आणि कोणालाही घ्यायचं नाही असा हुकूम दिला. कारण उघड आहे : आत घेतले तर स्वतःचा दाणा जातो, आणि ते उलट गावात परतले तर शत्रूचा जातो. पुढे त्यांचं काय झालं, ते सीझर सांगत नाही. नंतरचा इतिहासकार डिओ सांगतो की ते दोन्ही फौजांच्या मधल्या पट्ट्यात मेले. खुंट किती बोटं वर ठेवायचा हे लिहायला ज्याच्याकडे जागा होती, त्याने यांना दोन-तीन वाक्यं दिली. मी तर एकच दिलं होतं.

मूळ लेखात आज तीन बदल केले आहेत. मांडुबींचा परिच्छेद वाढवला. बुरूज आणि सापळे पूर्ण घेरावर सारखे होते हे विधान काढलं. आणि तुमच्या नजरेतून सुटलेली एक चूकही दुरुस्त केली : सर्वात पुढच्या खंदकाचा २० फुटांचा आकडा मी खोली म्हणून दिला होता, तो रुंदीचा आहे.