‘बायबलमधून 45 वचनं काढली’ म्हणणाऱ्या मेसेजला उत्तर

कित्येक वर्षं इंग्रजीत फिरणारा एक मेसेज आता मराठीत येऊन पुण्यातल्या आमच्या मंडळीच्या ग्रुपवर फिरतोय. त्याचं म्हणणं असं: एनआयव्ही (न्यू इंटरनॅशनल व्हर्जन हे आजच्या इंग्रजीतलं भाषांतर) यासारख्या बायबलच्या नव्या आवृत्त्यांतून 45 वचनं आणि 64,575 शब्द काढून टाकलेत. हे काम संशोधक म्हणवणाऱ्या अविश्वासी लोकांचं. एनआयव्ही छापणारी कंपनी सैतानाचं पुस्तकही (‘द सॅटॅनिक बायबल’) छापते. खात्री करायची तर फोनवर मत्तय 17:21 उघडा, सापडणार नाही. तेव्हा 1611 चं किंग जेम्स हे जुनं इंग्रजी भाषांतर तेवढं खरं. आणि शेवटी प्रकटीकरण 22:19 चा धाक: या पुस्तकातून जो काही काढून टाकेल, त्याचा वाटा देव काढून घेईल.

हा मेसेज माझ्या आत्याला आला. ती ऐंशीच्या पुढची आहे. नातीने दिलेला सोप्या भाषेतला, मोठ्या अक्षरांचा नवा करार ती रोज सकाळी वाचायची. आता तो तिने कपाटात ठेवून दिलाय. मला विचारते, “शाप लागलेलं पुस्तक वाचत होते का रे मी?” एका म्हाताऱ्या बाईची प्रार्थनेची वेळ भीतीने नासवणाऱ्यांना उत्तर द्यायलाच हवं.

सुरुवात त्या शापापासूनच करतो. एक तर ते वचन ‘या पुस्तकातल्या संदेशवचनांबद्दल’ बोलतं, म्हणजे प्रकटीकरणाबद्दल. आणि दुसरी गोष्ट मेसेज लिहिणाऱ्याने कधी शोधलेलीच नाही. 1516 साली स्वित्झर्लंडमधल्या बाझेलला इरॅस्मस या डच विद्वानाने ग्रीक नवा करार छापून प्रसिद्ध केला. प्रकटीकरणासाठी त्याच्या हाती एकच हस्तलिखित होतं आणि त्याचं शेवटचं पान गहाळ होतं. मग शेवटची सहा वचनं त्याने लॅटिनवरून स्वतःच ग्रीकमध्ये केली. 22:19 त्यांतलंच. ग्रीक हस्तलिखितांत तिथे ‘जीवनाच्या झाडातला’ वाटा आहे. लॅटिनच्या काही प्रतींत नकलकाराने ‘झाड’चं ‘पुस्तक’ केलं होतं, कारण लॅटिनमध्ये ते दोन शब्द दिसायला जवळचे आहेत. ती चूक इरॅस्मसच्या छापील प्रतीत आली, पुढच्या आवृत्त्यांत टिकली आणि किंग जेम्समध्ये पोहोचली. तिथे आजही ‘जीवनाचं पुस्तक’ आहे. म्हणजे फेरफार करणाऱ्याला धाक घालणारं वचनच या लोकांच्या एकमेव खऱ्या आवृत्तीत बदललेलं आहे. इरॅस्मसला मी दोष देत नाही, हाताशी होतं त्यावर त्याने काम केलं. पण ती चूक सापडली ती जुन्या प्रती शेजारी शेजारी ठेवून ओळ न् ओळ ताडून पाहणाऱ्या अभ्यासकांमुळे, ज्यांना हा मेसेज देवाचे वैरी ठरवतो.

आता ‘गायब’ वचनं. मत्तय 17:21 एनआयव्हीच्या मुख्य मजकुरात नाही, हे खरं आहे. 20 नंतर थेट 22 येतं. पण वचनांचे आकडे मूळ लेखकांनी घातलेले नाहीत. नव्या कराराला ते 1551 साली रॉबर्ट एस्तिएन या मुद्रकाने घातले, आणि घातले त्या काळच्या छापील मजकुराला. पुढे त्याहून फार जुनी हस्तलिखितं हाती आली. त्यातलं कोडेक्स सिनायटिकस चौथ्या शतकातलं, म्हणजे किंग जेम्सच्या बाराशे वर्षं आधीचं. सीनाय पर्वताच्या पायथ्याच्या मठातून ते एकोणिसाव्या शतकात अभ्यासकांसमोर आलं. आज त्याची पानं लंडन, लाइपझिग, सेंट पीटर्सबर्ग आणि सीनायमध्ये आहेत, आणि 2009 पासून ती इंटरनेटवर कुणालाही फुकट बघता येतात. त्यात मत्तय 17:21 मूळ नकलकाराने लिहिलेलंच नाही. योहान 5:4 मधला पाणी हलवणारा देवदूत नाही. प्रेषितांची कृत्ये 8:37 नाही. मार्कचं शुभवर्तमान 16:8 ला संपतं, पुढची वचनं नाहीत. नव्या भाषांतरकारांनी काढलं काय मग? नंतर शिरलेलं तळटीपेत नेलं किंवा मार्कच्या शेवटासारखं वेगळं दाखवलं, आणि तसं तिथेच लिहून ठेवलं. लपवणारा माणूस तळटीप देत नाही.

शिवाय त्यातलं बरंच दुसरीकडे जसंच्या तसं आहे. ‘हरवलेलं तारायला मनुष्याचा पुत्र आला’ हे मत्तय 18:11 मध्ये नसलं तरी लूक 19:10 मध्ये आहे. मार्क 9:44 आणि 46 ही 48 चीच पुनरुक्ती. एनआयव्हीत मुख्य मजकुराबाहेर गेलेली पूर्ण वचनं सोळा आहेत, 45 नाहीत. शब्दांच्या आकड्याचं तर बोलायलाच नको. सतराव्या शतकातली लांबण लावणारी इंग्रजी आजच्या भाषेत आणली की शब्द कमी भरणारच.

‘अविश्वासी संशोधक’ म्हणणाऱ्यांनी आपल्याच जिल्ह्यातलं केडगाव आठवावं. पंडिता रमाबाईंनी तिथे हिब्रू आणि ग्रीकवरून अख्खं बायबल मराठीत आणलं, 1922 साली त्या गेल्या त्यानंतर, 1924 साली ते निघालं. मूळ भाषांपर्यंत जाणं त्यांना श्रद्धेचंच काम वाटलं. पुण्यातच ज्ञानदीप विद्यापीठ या कॅथलिक धर्मशिक्षण संस्थेत शिकवणारे येशूसंघीय (जेझुइट) धर्मगुरू जॉर्ज सोअरेस-प्रभू मत्तयाच्या शुभवर्तमानाचे कसलेले चिकित्सक होते. आणि नुसती ऐतिहासिक चिकित्सा पुरत नाही, इथली गरिबी आणि जात डोळ्यांपुढे ठेवून शास्त्र वाचलं पाहिजे, हा आग्रहही त्यांचाच.

एक गोष्ट मात्र मान्य करावी लागते, आणि ती मला बोचते. आमच्या पाळकांपैकी अनेकांनी हे सगळं धर्मशास्त्राच्या शिक्षणात वाचलेलं असतं, पण उपासनेत किंवा बायबल अभ्यासात ते कधी उच्चारत नाहीत. लोकांचा विश्वास डळमळेल अशी त्यांना भीती वाटते. तो डळमळतो तो असा, फोनवर अचानक कळल्यावर.

राहिली कंपनी. हार्परकॉलिन्सने (तेव्हाच्या हार्पर अँड रोने) एनआयव्हीचे अमेरिकी प्रकाशक झोंडरव्हन विकत घेतले आणि त्याच समूहाकडून ते सैतानाचं पुस्तकही निघतं, हे खरं आहे. पण ती खरेदी 1988 ची. संपूर्ण एनआयव्ही त्याआधी दहा वर्षं, 1978 मध्येच बाहेर आली होती. आणि मत्तय 17:21 व योहान 5:4 समासातल्या टीपेत गेली ती 1881 च्या रिव्हाइज्ड व्हर्जनमध्ये, किंग जेम्सच्याच अधिकृत सुधारणेत, जी चर्च ऑफ इंग्लंडने स्वतः हाती घेतली होती.