गरुडपुराणात चित्रफीत नाही

सेलूच्या माझ्या मावशीने काकांची एकुलती एक चित्रफीत फोनमधून पुसून टाकली. पोळ्याच्या दिवशी बैलाच्या शिंगांना बेगड लावता लावता ते मागे वळतात आणि "अगं, पाणी आण की" म्हणतात, एवढीच ती चाळीस सेकंदांची. "त्यांचा जीव अडकू नये म्हणून काढून टाकलं रे," मावशी म्हणाली. तिच्या भजनी मंडळाच्या व्हॉट्सॲप गटात निरोप फिरत होता: गेलेल्या माणसाला हलता-बोलता पाहिल्यास त्याचा जीव घरात अडकतो, असे गरुडपुराण सांगते, पडद्यावर दिसणारे मृत नट संगणकाने बनवलेले असतात, आणि मृतांची दृश्ये दाखवणे हा गुन्हा आहे.

मुंबईत पहिल्यांदा हलती चित्रे दाखवली गेली ती ७ जुलै १८९६ रोजी, वॉटसन हॉटेलात. त्याच्या कितीतरी शतके आधीच्या पुराणाने चित्रफितीबद्दल नियम घालून दिला, असे मानायचे तरी कसे? शिवाय ज्या घरात गेलेल्या माणसाच्या फोटोला हार घातला जातो आणि पितृपक्षात त्याच फोटोपुढे पान वाढले जाते, तेथे फोटोने जीव अडकत नाही, पण फोटोतला माणूस हलला की अडकतो, हा न्याय कुठला? ७ डिसेंबर १९५६ रोजी निघालेली बाबासाहेबांची अंत्ययात्रा नामदेवराव व्हटकरांनी पदरचा पैसा घालून चित्रित केली, म्हणून ती गर्दी आज आपल्याला पाहता येते. ती फीत पुसून टाका, असे या निरोपकर्त्याने औरंगाबादेत भरचौकात उभे राहून सांगून दाखवावे. दादासाहेब फाळके १९४४ साली गेले, तरी जपून राहिलेल्या एका तुकड्यात ते स्वतः फिल्म हाताळताना दिसतात. तेवढ्याने त्यांची गती खुंटली असे म्हणायला मी तरी धजणार नाही.

दुसऱ्या मुद्द्यात अर्धे सत्य आहे, ते नाइलाजाने मान्य करतो. १९९४ साली वारलेल्या पीटर कुशिंगचा चेहरा २०१६ च्या एका स्टार वॉर्स चित्रपटात संगणकाने दुसऱ्या नटावर चढवला होता. परंतु त्याच मालिकेतली कॅरी फिशर डिसेंबर २०१६ मध्ये गेली आणि २०१९ च्या चित्रपटात दिसली, ती मुख्यतः आधी चित्रित होऊन न वापरलेल्या दृश्यांमधून. स्मिता पाटील १३ डिसेंबर १९८६ रोजी गेल्यावर त्यांचे जे चित्रपट आले, त्यांत त्या स्वतःच होत्या. संगणकाने चेहरा बनवता येतो, म्हणून प्रत्येक जुने दृश्य बनावट ठरत नाही.

गुन्ह्याचे म्हणाल, तर कायदा विचारतो ती मालकी. चित्रपटावरील हक्क प्रकाशनानंतर साठ वर्षे टिकतो; त्यातला माणूस हयात नाही, एवढ्यावरून ते दाखवणे गुन्हा होत नाही.

मावशीच्या फोनमध्ये पुसलेल्या गोष्टी तीस दिवस कचरापेटीत राहतात. तिने मला सांगितले ते पस्तिसाव्या दिवशी. आता जिंतूरच्या मावसभावाच्या जुन्या फोनमध्ये एक प्रत असावी असा अंदाज आहे. त्या फोनची काच फुटलेली आहे आणि शनिवारी तो परभणीला दुरुस्तीला न्यायचा आहे.