राजकमलच्या आधी

व्ही. शांतारामांनी १९४२ मध्ये परळला राजकमल स्टुडिओ उभारला, हे आपल्यातल्या बहुतेकांना ठाऊक असतं. त्याच आवारात आधी वाडिया बंधूंची चित्रपट कंपनी, वाडिया मूव्हीटोन होती, हे फारसं कुणी सांगत नाही. त्या बंधूंपैकी धाकटे, स्टंटपटांचे दिग्दर्शक होमी वाडिया यांच्या वाट्याला सगळीकडे हेच विस्मरण आलं.

रोझी थॉमस यांचं ‘बॉम्बे बिफोर बॉलिवूड’ वाचून संपवलं आणि राहवेना म्हणून लिहितोय.

आपल्याकडे सिनेमाचा इतिहास कसा सांगतात? फाळके, १९१३, पौराणिक चित्रपट, मग प्रभात, न्यू थिएटर्स, सामाजिक आशय. थॉमस दाखवतात, की या सरळ रेषेत मारधाडीचे आणि जादूच्या गोष्टींचे चित्रपट बसतच नाहीत, म्हणून ते गाळले जातात. पारशी रंगभूमी, अरबी सुरस कथा, हॉलिवूडचे मूकपट यांच्यावर पोसलेली ती केवढी मोठी परंपरा! पिटातल्या पब्लिकने ती डोक्यावर घेतली आणि लिहिणाऱ्यांनी तिच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही.

१९३५ चा ‘हंटरवाली’ घ्या. मेरी इव्हान्स, म्हणजे नादिया. जन्म ऑस्ट्रेलियातला, सोनेरी केस, हिंदी कच्चं. अशी बाई हातात चाबूक घेऊन पुरुषांना बदडणार म्हटल्यावर वितरकांनी अंग काढून घेतलं. वाडिया बंधूंनी स्वतःच चित्रपट लावला आणि तो तुफान चालला. नाव झालं ते नादियाचं, आणि ते व्हायलाच हवं होतं. पण तिच्यात हे बळ आहे हे ओळखून, तिच्याभोवती चित्रपट रचणारा दिग्दर्शक कुणाच्या लक्षात राहिला?

‘मिस फ्रंटियर मेल’मधली (१९३६) आगगाडीच्या टपावरची मारामारी बघा. नादिया आपले स्टंट स्वतःच करायची. त्यामुळे होमींना तिचा चेहरा लपवायची गरज नव्हती. घाव घालणारी तीच, तोल सावरणारीही तीच, आणि हे प्रेक्षकाला दिसतं. पैसा कमी असला की दिग्दर्शकाची नजर कळते, असं मला मनापासून वाटतं. होमींची नजर शरीराच्या वेगावर होती.

मोठे बंधू जे. बी. एच. हे क्रांतिकारक विचारवंत मानवेंद्रनाथ रॉय यांच्या विचारांचे. त्यांना गंभीर सिनेमा खुणावत होता. होमी नादियाला आणि स्टंटपटाला धरून राहिले. १९४२ मध्ये त्यांनी बसंत पिक्चर्स काढली. पुढे ‘श्री गणेश महिमा’, ‘अलीबाबा’, ‘हातिमताई’, ‘झिंबो’. ‘बैजू बावरा’च्या आधी मीनाकुमारी होमींच्या पौराणिक चित्रपटांत नायिका होती, हेही तिच्या चाहत्यांना सांगावं लागतं! बाबूभाई मिस्त्रींसारखा ट्रिक सीनचा उस्ताद याच मांडवातला.

यातलं सगळंच चांगलं होतं असं मी म्हणणार नाही. काही चित्रपट रटाळ आहेत, गोष्ट नुसती ओढलेली आहे. पण ते तरी कुणीतरी बसून, पाहून ठरवावं ना? न पाहताच ‘बी ग्रेड’ म्हणून बाजूला सारलं, याचा मला राग आहे.

फिल्म सोसायटी चालवणाऱ्या मित्रांनो, एक संध्याकाळ होमी वाडियांना द्या. जाहिरातीत दिग्दर्शकाचं नाव वर छापा. ‘मिस फ्रंटियर मेल’पासून सुरुवात करा, पहिल्या रांगेत मी असेन.