विसरलं जाण्याची कला

दिग्दर्शक तर व्हायचंय, पण पुढच्या पिढीला आपलं नाव माहीत असता कामा नये, अशी तुमची महत्त्वाकांक्षा असेल, तर ब्रिस्टलमध्ये जन्मलेल्या थोरोल्ड डिकिन्सन (१९०३–१९८४) यांची शिकवणी लावा.

सुरुवातीलाच एखादा चित्रपट नको तेवढा चांगला करून ठेवा. डिकिन्सन यांनी १९४० साली 'गॅसलाइट' केला. त्यात नवरा बायकोला पद्धतशीरपणे पटवत राहतो की, बाई, तुला वेड लागलंय, तुला दिसतं ते खरं नाहीच. हॉलिवूडच्या एमजीएम या चित्रपट कंपनीला हे इतकं आवडलं, की त्यांनी हक्क घेतले, १९४४ मध्ये स्वतःचा 'गॅसलाइट' काढला आणि आधीच्या ब्रिटिश चित्रपटाची निगेटिव्ह नष्ट करायचा घाट घातला. थोडक्यात, असा चित्रपट कधी झालाच नव्हता, तुम्हाला भास झाला असेल! कथानकाशी इतका प्रामाणिक निर्माता मिळायला भाग्य लागतं. नव्या आवृत्तीबद्दल नायिका इन्ग्रिड बर्गमनला ऑस्कर मिळालं. जुन्याच्या काही प्रती बचावल्या, पण एवढी कसर राहायचीच.

मग युद्धात 'द नेक्स्ट ऑफ किन' (१९४२) करा. सैनिकांनी बाहेर तोंड उघडू नये, हे शिकवणारा चित्रपट. दिग्दर्शकानेच तो धडा इतका मनावर घ्यावा, की स्वतःबद्दलही फारसं बोलू नये.

ऐनवेळी दुसऱ्याच्या हातून निसटलेलं काम मिळालं, तर नाही म्हणू नका. रशियन लेखक पुश्किनच्या कथेवरचा 'द क्वीन ऑफ स्पेड्स' (१९४९) त्यांच्याकडे असाच आला. तयारीला मिळाले अवघे काही दिवस. तरी आरसे, सावल्या आणि म्हाताऱ्या सरदारणीच्या भूमिकेतल्या एडिथ इव्हान्स यांच्या बळावर त्यांनी असं काही उभं केलं, की पाहताना अंगावर काटा येतो. (यूट्यूबवर शोधू नका, सापडलं तर तुमचा अभ्यासक्रम बुडेल.)

आता मनात घोळत असलेल्या विषयावर चित्रपट काढा आणि पाडा. 'सीक्रेट पीपल' (१९५२) चालला नाही. मात्र त्याच्या चित्रीकरणावर पुढे स्वतः दिग्दर्शक झालेल्या लिंडसे अँडरसन यांनी अख्खं पुस्तक लिहिलं. चित्रपटात नर्तकीचं दुय्यम काम करणारी ऑड्री हेपबर्न पुढच्याच वर्षी 'रोमन हॉलिडे' करून ऑस्करपर्यंत पोचली. नीट बघा, ऑस्करच्या बाहुल्या दोन, दोन्ही दुसऱ्यांच्या कपाटात. एवढी निःस्वार्थ समाजसेवा सगळ्यांना जमत नाही.

१९५५ मध्ये इस्रायलमध्ये 'हिल २४ डझन्ट आन्सर' करून कथापटांना रामराम ठोका. पन्नाशी नुकतीच उलटलेली असावी, म्हणजे लोकांना हळहळायला वाव राहतो. नंतर न्यूयॉर्कमध्ये संयुक्त राष्ट्रसंघासाठी चित्रपटांचं काम बघा, आणि तिथून लंडनच्या स्लेड स्कूल या कलाशाळेत शिकवायला जा. १९६७ मध्ये ते चित्रपट या विषयाचे ब्रिटनमधले पहिले प्राध्यापक झाले. विद्यार्थ्यांना तिथे जगभरातले थोर दिग्दर्शक शिकवा. परीक्षेत तुमच्यावर प्रश्न येणार नाही, ही काळजी मात्र स्वतः घ्यावी लागेल.