दिवाळी अंकासाठी एक तेजस्वी शास्त्रज्ञ

संपादकांचे दोन फोन येऊन गेले असतील, मुदत टळत आली असेल आणि विज्ञानकथेतलं विज्ञान अजून सापडलं नसेल, तर अजिबात घाबरू नका. जादू आणि चमकणारी झाडं एकत्र करणारा एक शास्त्रज्ञ उभा करा. या मालाला मागणी आहे. वाचक खूश, चित्रकार त्याहून खूश, कारण त्याला हिरवा रंग हवा तेवढा ओतता येतो.

आधी माणूस. केस पिंजारलेले, डोळे खोल गेलेले, घाटमाथ्यावर एक पडका वाडा आणि माळ्यावर पणजोबांची पोथी. बायको नको, ती रात्री अकराला दिवे बंद करायला लावते. नोकरीही नको. एकदा का तो सरकारी संस्थेत कामाला लागला, की एका परीक्षानळीसाठी तीन कोटेशनं, खरेदी समितीची सही आणि मार्चअखेरच्या आत बिल, यातच कथेची आठ पानं जातील. त्यातून बदललेल्या जनुकांचं झाड उघड्यावर लावायचं म्हटलं, तर दिल्लीतली जनुकीय अभियांत्रिकी मूल्यांकन समिती आडवी येते. पोथीतल्या मंत्राला कोणाची परवानगी लागत नाही.

मग उजेड. इथे हात आखडता घेऊ नका. झाड असं पेटू द्या, की नायिकेला त्याखाली बसून पत्र वाचता येईल. १९८६ साली कॅलिफोर्नियातल्या शास्त्रज्ञांनी काजव्याचं जनुक तंबाखूच्या रोपात घातलं, त्या रोपाला ल्युसिफेरिन या प्रकाश देणाऱ्या पदार्थाचं पाणी घातलं आणि त्याची अंधुक चमक फिल्मवर उमटावी म्हणून कित्येक तास वाट पाहिली. हे कथेत मुळीच आणू नका. वाट पाहणारा शास्त्रज्ञ कोणाला हवाय? आपल्याला हात वर करणारा हवाय.

उजेड कसा पडतो, हे तर चुकूनही सांगू नका. हे ल्युसिफेरिन, ल्युसिफेरेज नावाचं विकर (म्हणजे एन्झाइम) आणि ऑक्सिजन हे तिघं भेटले की उष्णता जवळजवळ न होता प्रकाश बाहेर पडतो. ही दोन्ही नावं राफाएल द्युब्वा या फ्रेंच माणसानं शिंपल्यातल्या एका चमकत्या प्राण्यावर काम करताना दिली. त्याच्याही आधी, १६६७ मध्ये, रॉबर्ट बॉइलनं चमकणारं कुजकं लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून पंपानं हवा काढली. लाकूड विझलं. हवा आत सोडली, पुन्हा उजळलं. तुमच्या वाचकाला एकदा का कळलं, की या चमत्काराला साधी हवा लागते, की त्याचा भक्तिभाव उतरलाच म्हणून समजा.

यापुढची सूचना सगळ्यात महत्त्वाची: पावसाळ्यात भीमाशंकरला जाऊ नका. गेलात, तर तिथला एखादा माहीतगार तुम्हाला रानात नेईल, बॅटरी बंद करायला सांगेल आणि गप्प उभं करेल. पहिली दहा मिनिटं फक्त चिखल, डास आणि ओल्या पानांचा वास. अर्ध्या तासानं डोळे अंधाराला सरावले, की पायाशी पडलेल्या फांदीची साल कडेकडेनं फिकट दिसू लागेल. हिरवी नव्हे बरं का, राखाडी. इतक्या मंद प्रकाशात आपल्या डोळ्यांना रंग जवळजवळ कळतच नाही. गर्द हिरवा येतो तो कॅमेऱ्यात, शटर बराच वेळ उघडं ठेवल्यावर. फांदी उचललीत तर हाताला थंड, बुळबुळीत आणि वजनाला हलकी लागेल, कारण जी बुरशी चमकते तिनंच तिला आतून खाऊन पोखरलेलं असतं. आणि तो माहीतगार कुठली लाकडं उजळतात, पाऊस किती झाला की उजळतात, हे सांगत सुटेल. एवढं ऐकून घरी आलात की मंत्र लिहायला हात धजावत नाही. कथा गेली.

प्राचीन आधार मात्र हवाच. कालिदासानं ‘कुमारसंभवा’च्या पहिल्याच सर्गात हिमालयाच्या गुहांमध्ये तेलाशिवाय तेवणाऱ्या औषधींचे दिवे लावून ठेवले आहेत. ते उचला आणि शास्त्रज्ञाच्या तोंडी घाला, ‘आपल्याकडे हे सगळं होतंच!’ कालिदासाला ते दिवे प्रेमिकांसाठी हवे होते, पेटंटसाठी नव्हे, ही बारीकशी गोष्ट पोथीचं पान फाटलेलं दाखवून मिटवता येते.

खलनायक म्हणून परदेशी कंपनी घ्यायचा मोह होईल. जरा जपून. २०१३ साली अमेरिकेत काही उत्साही मंडळींनी चमकत्या रोपाच्या नावानं लोकांकडून ४ लाख ८४ हजार डॉलर गोळा केले आणि बिया पाठवायचं कबूल केलं. लागणारी सगळी जनुकं एका रोपात नीट बसेनात. २०१७ मध्ये गाशा गुंडाळला. कट नाही, खून नाही, पोथीची चोरी नाही. यावर कथा कशी उभी राहणार?

आणि शेवट तर खऱ्या शास्त्रज्ञांनी पार नासवून ठेवलाय. २०२० मध्ये एका चमकणाऱ्या विषारी भूछत्राची जनुकं तंबाखूत घातली गेली. झाडात मुळातच असणारं कॅफेइक आम्ल वापरून ते रोप आपलं आपण उजळू लागलं, वरून काही शिंपडावंही लागलं नाही. २०२४ मध्ये तशीच पेटुनिया, म्हणजे कुंडीतलं एक फुलझाड, अमेरिकेत २९ डॉलरला विकायला आली, खोक्यातून घरपोच. सगळ्यात जास्त चमकतात त्या कोवळ्या कळ्या. तुमचा शास्त्रज्ञ तिकडे रक्ताचा थेंब मुळाशी वाहतोय आणि इकडे कोणीतरी कुंडीला पाणी घालून झोपायला गेलंय.

तेव्हा कथेचा काळ १९४० च्या मागेच ठेवा. अंक निघाल्यावर वनस्पतिशास्त्राच्या एखाद्या निवृत्त बाईंचं पत्र हमखास येईल, की झाडाला ल्युसिफेरिन मिळालं कुठून? वाद घालू नका. त्यांचे मनापासून आभार माना, पुढच्या वर्षीच्या अंकात दुसरा भाग येतोय असं कळवा आणि संपादकांना मानधनाची आठवण करा.