कोळंबीवर लिंबू पिळलं म्हणून कोणी मरत नाही

गणपती गेले, घरोघरी पुन्हा मासळी शिजायला लागली, आणि घरच्या ग्रुपवर तो मेसेज परत आला. या वेळी निमित्त मीच. बटर गार्लिक कोळंबीचा फोटो टाकला, त्यात बाजूला लिंबाची फोड दिसत होती. दहा मिनिटांत मावशीचं उत्तर: 'हे वाच आधी.' मेसेजचा मजकूर थोडक्यात असा: कोळंबीवर लिंबू पिळलं की पोटात आर्सेनिक तयार होतं, तैवानमध्ये एक बाई अशीच गेली. लोणी म्हणजे दूधच, ते मासळीबरोबर खाल्लं की कोड उठतं. पाठीतला काळा दोरा विषारी असतो. म्हणून कोळंबी निदान वीस मिनिटं शिजवा. आणि कोलेस्ट्रॉल तर आहेच.

तैवानच्या या बाईला मी व्हॉट्सॲपच्या आधीपासून ओळखतो, तेव्हा ती ईमेलमधून यायची. माझ्यापर्यंत आलेल्या एकाही मेसेजात तिचं नाव-गाव नव्हतं. पण या थापेत एक दाणा खरा आहे, म्हणून ती इतकी टिकली. समुद्रातल्या जिवांत आर्सेनिक असतंच. फक्त ते बहुतेक आर्सेनोबीटेन नावाच्या सेंद्रिय रूपात असतं. शरीर त्याचं काही करत नाही, ते लघवीवाटे निघून जातं. मारतं ते असेंद्रिय आर्सेनिक, म्हणजे आपल्याकडे ज्याला सोमल म्हणतात त्या जातीचं. आता हिशेब करू. सोमलाचा जीवघेणा डोस साधारण 70 मिलिग्रॅमपासून पुढे धरतात. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडच्या अन्न-नियमांत कोळंबी-खेकड्यांसारख्या कवचवाल्या जलचरांसाठी असेंद्रिय आर्सेनिकाची कमाल मर्यादा किलोला 2 मिलिग्रॅम आहे. आपल्या कोळंबीत नेमकं तेवढं आहे असं धरू, आणि लिंबाने त्या सगळ्याचं सोमल झालं असंही धरून चालू. सोमल होताना वजन थोडं वाढतं, तेही धरलं, तरीसुद्धा एका बैठकीत पंचवीस किलोंच्या वर कोळंबी खावी लागेल. आमच्याकडे अर्ध्या किलोत चौघं जेवतात.

शिवाय हळद, मीठ, लिंबू चोळून कोळंबी मुरत ठेवणं हे कोकणात रोजचंच. मेसेज खरा असता तर तैवानच्या आधी अलिबाग ओस पडलं असतं.

कोडाचा मुद्दा मात्र हसण्यावारी नेता येत नाही. मासे आणि दूध हा विरुद्ध आहार, असं चरकसंहितेत म्हटलंय हे खरं. कोणाला ते पाळायचं असेल तर त्याने जरूर पाळावं. पण कोड कसं होतं हे आता माहीत आहे: शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती कातडीला रंग देणाऱ्या पेशींवर उठते. ताटात काय होतं त्याचा इथे संबंध नाही. बंगाली घरांत दह्यातला मासा, दोई माछ, पिढ्यान्पिढ्या होतोय. मुंबईत काळा घोड्याच्या तृष्णा हॉटेलात लोक लोणी-लसूण-मिरीतला खेकडा खायला मुद्दाम जातात. या समजुतीचा खरा त्रास होतो तो ज्याला कोड आहे त्याला. लग्नाच्या पंगतीत शेजारी बसलेली कोणीतरी काकू हळूच विचारते, 'लहानपणी माशांवर दूध प्यायलीस का गं?' त्या मुलीने काय सांगायचं?

काळा दोरा म्हणजे कोळंबीचं आतडं. त्यात चिखल, वाळू, तिने खाल्लेलं अन्न. दाताखाली कचकच होते, म्हणून काढायचा. जवळ्याचा दोरा काढत बसलेलं मी अजून कोणाला पाहिलेलं नाही.

आता वीस मिनिटं. इथे माझा जीव खरा तुटतो, कारण बाकीच्या मुद्द्यांनी निदान कोळंबी वाया जात नाही. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने माशांसाठी सांगितलेलं आतलं तापमान आहे 63 अंश सेल्सिअस. मोठ्या सोलटालाही तिथवर पोचायला तीन-चार मिनिटं पुरतात. धुतलेली कोळंबी फडक्याने अगदी कोरडी टिपून घ्या, नाहीतर ती परतली न जाता स्वतःच्याच पाण्यात शिजते. तवा चांगला तापवून चमचाभर तेल टाका आणि कोळंबी एका थरात पसरा. दीड मिनिट हलवू नका. राखाडी-निळसर अंग कडेपासून गुलाबी होत येतं. तो रंग आधीपासून आत असतो, प्रथिनाला बांधलेला. उष्णतेने प्रथिन सैल झालं की तो सुटतो. उलटवा, लगेच आच कमी करून लोणी आणि ठेचलेला लसूण घाला. आधी घातला तर लसूण करपून कडू होतो आणि लोणीही काळं पडतं. पाकिटातलं लोणी खारट असतं, तेव्हा मीठ चाखूनच. कोळंबी अर्धगोल वाकली की गॅस बंद करायचा. पूर्ण गोल वेटोळं झालं म्हणजे उशीर झाला. वीस मिनिटांनी हातात येतं ते खोडरबर. मावशीच्या घरची कोळंबी मी खाल्लेली आहे, त्यामुळे हा मुद्दा तिला मनापासून पटलेला असणार.

कोलेस्ट्रॉलचं अर्धं बरोबर आहे. 100 ग्रॅम शिजलेल्या कोळंबीत ते 190 मिलिग्रॅमच्या आसपास असतं, पण संपृक्त चरबी जवळजवळ नाहीच, आणि रक्तातलं कोलेस्ट्रॉल वाढवण्यात मोठा हात तिचा असतो. ती येते लोण्यातून: एका मोठ्या चमच्यात सुमारे 7 ग्रॅम. म्हणजे डॉक्टरांनी सांभाळायला सांगितलं असेल तर हात लोण्यावर आखडा, कोळंबीवर नाही.

ज्याला खरंच घाबरायला हवं ते त्या मेसेजात नाहीच. कोळंबीची ॲलर्जी असलेल्याला ती कितीही शिजवली तरी चालत नाही, कारण त्रास देणारं प्रथिन उष्णतेने मोडत नाही. आणि लसूण ठेचून तेलात बुडवून ओट्यावर दिवसेंदिवस ठेवलेली बरणी. तेलाखाली हवा नसते, लसणाबरोबर मातीतले जिवाणू आलेले असतात. 1985 मध्ये कॅनडातल्या व्हँकूव्हरला अशाच तेलातल्या लसणाने 36 जणांना बॉट्युलिझम, म्हणजे अशा जिवाणूंच्या विषाने होणारी गंभीर विषबाधा, झाला होता. लसूण लागेल तेवढाच ठेचा. लसणाचं लोणी उरलंच तर फ्रिजमध्ये ठेवून दोन-तीन दिवसांत संपवा, किंवा थेट फ्रीझरमध्ये टाका.